कापसाइतका हलका माणूस

माझ्यावर सर्वांत जास्त उपकार कुणाचे, असं विचारलं तर मी विमलअक्कांचं नाव घेतो. आईवडिलांचं घेत नाही, कारण त्यांनी केलं त्याला उपकार म्हटलेलं त्यांना आवडणार नाही. अक्का नात्यातल्या नाहीत. चोपड्याच्या पुढे, सातपुड्याच्या पायथ्याशी असलेल्या आमच्या गावात त्यांचं कापडाचं दुकान आहे. राजस्थानातून आलेल्या एका जैन व्यापारी घराण्याच्या त्या सून. माझे वडील, म्हणजे आबा, त्याच गावच्या जिनिंगमध्ये कापसाच्या गासड्या उचलायचे. आमच्या घरात माझ्याआधी कुणी कॉलेजची पायरी चढलेलं नव्हतं. गावच्या वाचनालयाची किल्ली अक्कांच्या कमरेला असायची, एवढाच आमचा संबंध.

मी नोकरी करतो त्या धुळ्यात यंदा थंडी लवकर पडली. कॉलेजातून घरी परतताना एका चौकात एक जण कपाशीच्या वाळलेल्या काड्यांवर वांगी भाजत बसलेला दिसतो. साल करपायला लागली की गोडसर, धुरकट वास सुटतो. खानदेशातल्या माणसाला तो वास आला की भूक लागते. मला आधी एक पुस्तक आठवतं, आणि मग भूक लागते.

त्या पुस्तकाचं मुखपृष्ठ फाटलेलं होतं, त्यामुळे नाव मला कधीच कळलं नाही. अक्का त्याला ‘हलक्या माणसाचं पुस्तक’ म्हणायच्या.

वाचनालय म्हणजे एक लांबट खोली होती. समोर वर्तमानपत्रांचं टेबल, त्यावर कोपरे टेकवून बसलेली म्हातारी माणसं, आणि भिंतीला लोखंडी कपाटं. शेवटचं कपाट मात्र सागवानी. अक्कांच्या सासऱ्यांनी ते दिलेलं होतं आणि त्यातली पुस्तकंही बहुतेक त्यांनीच जमवलेली. सगळी अचाट शक्तींची. भिल्ल नि पावरा आदिवासींच्या सांगण्यातून उतरवलेल्या गोष्टी, बर्फाच्या मुलखातून भाषांतर होऊन आलेल्या गोष्टी, वाळवंटातल्या, बेटांवरच्या. कुणाला सात डोंगरांपलीकडचं दिसतं, कुणी नदी पिऊन टाकतो, कुणी दिसेनासा होतो, कुणाला मुंग्यांचं बोलणं कळतं. त्यांच्या शेजारी जाडजूड कादंबऱ्या, ज्यांत हेच सगळं शहरातल्या माणसांना होतं आणि ती माणसं त्यानं फार दुःखी होतात.

पुस्तक परत करायला गेलं की अक्का ते आवडलं का, असं कधी विचारायच्या नाहीत. चष्मा कपाळावर सरकवून एकच प्रश्न विचारायच्या.

“भुऱ्या, अट काय व्हती?”

लहानपणी माझे केस भुरे होते. घरात मला भुऱ्या म्हणायचे ते अक्कांनी दुकानात आईच्या तोंडून ऐकलं आणि उचललं. अट म्हणजे त्या शक्तीची अट. त्यांचं म्हणणं असं, की खऱ्या गोष्टीत कुणालाच शक्ती फुकट मिळत नाही. ज्या पुस्तकात अट नाही ते पुस्तक लिहिणाऱ्याला घाई झालेली असते.

मला हे तेव्हा गमतीचं वाटायचं. आता मी मुलांना लोकसाहित्य शिकवतो आणि सगळा अभ्यासक्रम शिकवून झाल्यावर माझ्याजवळ शेवटी हाच प्रश्न उरतो. एका गोष्टीतल्या मेंढपाळाच्या मुलीला गावात कुठंही बोललेलं ऐकू येतं. अट अशी, की ऐकलेलं कुणाला सांगायचं नाही. ती वर्षभरात इतकी थकते की कान मिटावेत म्हणून नवस करते. दुसऱ्या एका गोष्टीत एका मजुराच्या मागे मागे झाड चालतं. जिथं जाईल तिथं सावली. अट अशी, की त्या सावलीत एकट्यानं बसायचं नाही. मला ही गोष्ट फार आमच्याकडची वाटते. मे महिन्यात जळगावच्या बसस्टँडवर उभ्या राहिलेल्या माणसालाच अशी शक्ती सुचू शकते. राजेरजवाड्यांच्या गोष्टींत शक्ती मागतात ती जिंकण्यासाठी. गरिबांच्या गोष्टींत ती सावलीसाठी, न संपणाऱ्या भाकरीसाठी, किंवा दूर गेलेल्या लेकीचा आवाज ऐकू यावा म्हणून. आकाशातून आग पाडण्याची शक्ती आमच्या भागातल्या कुठल्याही गोष्टीत कुणी मागितल्याचं मला आढळलं नाही. ती आग इथं दर उन्हाळ्यात न मागताच पडते.

ज्या हिवाळ्याबद्दल मी सांगतोय तेव्हा मी जळगावला बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला होतो. शनिवारी दुपारच्या बसनं गावी यायचो आणि सोमवारी पहाटे परतायचो. शेवटच्या वर्षाला एक प्रकल्प लिहायचा होता. मी लोककथांतल्या अतिमानवी शक्ती हा विषय घेतला, कारण त्या विषयाचं कपाट माझ्या गावात होतं. कॉलेजच्या ग्रंथालयात त्यातली निम्मीही पुस्तकं नव्हती.

आबांना विषय सांगितला तेव्हा ते ओट्यावर बसून अंगावरचा कापसाचा कोंडा झटकत होते.

“उडाना मंतर शे का त्या पुस्तकेसमा?” त्यांनी विचारलं.

“शे ना. बऱ्याच जणांना उडता येतं.”

“मंग बसना पास कसाले काढस?”

ते हसले नाहीत. ते विनोद असाच करायचे, तोंड सरळ ठेवून. आई आतून म्हणाली, “शिकू द्या त्याले.” आबांनी खिशातून पासाचे पैसे काढून ओट्यावर ठेवले. तशा पैशांवर मी पदवीधर झालो.

हलक्या माणसाचं पुस्तक मी त्याच दिवसांत वाचायला घेतलं. एक विणकर असतो. एका फकिराला तो आपली घोंगडी देतो आणि फकीर त्याला हलकेपणा देतो. मनात आणलं की त्याचं वजन कापसाइतकं होणार आणि वारा त्याला उचलणार. तो डोंगरांवरून जातो, नद्या वरून बघतो, राजाच्या गच्चीवर उतरून राजाला चकित करतो. अट मात्र विचित्र. वर जाणं त्याच्या हातात, खाली येणं नाही. खालून कुणीतरी त्याच्या घरच्या नावानं हाक मारली, तरच त्याचं वजन परत येणार. सुरुवातीला आई असते, बहीण असते, गल्लीतली माणसं असतात. मग तो लांब लांब जायला लागतो. लोक त्याला मोठ्या मोठ्या पदव्यांनी ओळखू लागतात आणि घरचं नाव माहीत असलेली माणसं एकेक करून कमी होतात. मी वाचलं तिथपर्यंत तो एका अनोळखी गावावर तरंगत होता. खाली बाजार भरला होता. लोक वर बघून हात जोडत होते. हाक कुणीच मारत नव्हतं.

तिथं मला पुस्तक परत द्यावं लागलं, कारण वाचनालयानं सगळीच पुस्तकं परत मागवली होती.

वाचनालयाचे अध्यक्ष धोंडूनाना. केळीचे मोठे बागायतदार, स्वभावानं उदार आणि सभेत उभे राहिले की घरची बोली सोडून प्रमाण मराठीत बोलणारे. त्यांनी ठरवलं की सागवानी कपाट रिकामं करायचं आणि तिथं स्पर्धा परीक्षांची पुस्तकं ठेवायची. हे वाईट नव्हतं. गावातली पोरं पोलीस भरतीसाठी पहाटे रस्त्यावर धावायची आणि दुपारी अभ्यासाला जागा शोधत फिरायची. माझा मित्र ज्ञाना त्यांतलाच. कपाटाची बाजू मी त्याला समजावून सांगायला गेलो, तेव्हा त्यानं शांतपणे ऐकलं आणि विचारलं, “तुन्हा त्या राक्षसले गोळाफेकमा किती मार्क पडतीन?”

मी तो प्रश्न प्रकल्पाच्या वहीत उतरवून घेतला.

अक्कांनी सभेत एवढंच म्हटलं, की परीक्षेची पुस्तकं आणा, त्यांच्यासाठी नवं कपाट मी देते, पण ही पुस्तकं घालवू नका. नाना उभे राहिले. “अक्का, हे विज्ञानाचं युग आहे. माणसं उडतात, झाडं चालतात, हे आपण मुलांच्या हातात का द्यायचं? अंधश्रद्धा आहे ही.” टाळ्या पडल्या. खोलीतही दुसऱ्या कपाटाला खरोखर जागा नव्हती. पुस्तकं गोण्यांत भरली गेली आणि गोण्या नानांच्या ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत चढल्या. सोमवारी ट्रॅक्टर चोपड्याला जाणार होता, तेव्हा जाता जाता रद्दीवाल्याकडे टाकायच्या होत्या. शेवटचा निर्णय मात्र कार्यकारिणीच्या रविवारच्या बैठकीत पक्का व्हायचा होता, आणि ती बैठक नानांच्या शेतात भरताच्या जेवणावर होती. आमच्याकडे हिवाळ्यातल्या बऱ्याच बैठका अशाच होतात.

अक्का त्या दिवशी दुपारी विहिरीजवळच्या निंबाखाली सतरंजीवर बसल्या होत्या. शेजारी स्टीलचा डबा. त्यांच्या घरात वांगं, लसूण, कांदा काहीच चालत नाही. दरवर्षी त्या भरताच्या जेवणाला येत आणि डब्यातले खाकरे खात. कुणाला त्याचं काही वाटत नसे. चेष्टा मात्र ठरलेली.

“अक्का, एक घास ल्या. कोणी सांगाव नही तुम्हना देवले.”

“त्याले सांगनं नही पडत रे बाबा,” अक्का म्हणत.

मी बैठकीला होतो तो नानांच्याच आग्रहानं. गावातला शिकणारा मुलगा म्हणून मी दोन शब्द बोलावेत, असं त्यांना वाटत होतं. मी पुस्तकांच्या बाजूनं बोललो. जळगावला नुकतेच शिकलेले सगळे शब्द त्यात होते. माणसं सभ्यपणे ऐकत होती आणि चुलीकडे बघत होती. माझं बोलणं संपल्यावर एक जण म्हणाला, “चांगलं बोलना पोऱ्या,” आणि वांगी कुठवर आली ते विचारलं. अक्कांनी माझ्याकडे पाहून मान हलवली. त्यांना मी वाईट बोललो असं वाटलं नव्हतं. फार लांबून बोललो असं वाटलं होतं.

भरीत नाना स्वतः करायचे. त्या बाबतीत त्यांचं नाव तालुक्यात होतं. पांढरट हिरवी, मोठी वांगी. ती कपाशीच्या काड्यांवरच भाजायची, दुसरा जाळ लावायचा नाही. मग सोलून लाकडी दांड्यानं ठेचायची आणि वर हिरवी मिरची, लसूण, शेंगदाणे, कांद्याच्या पातीची फोडणी. पण आदल्या दिवशी अवेळी पाऊस पडून गेला होता. काड्या दमट होत्या. नाना मिरच्या निवडायला शेडमध्ये गेले आणि जाळ नानांच्या पुतण्याकडे, पिंटूकडे आला. काड्या धुमसत होत्या, पेटत नव्हत्या. वांगी आणलेली ट्रॉली शेजारीच उभी होती. गोण्या त्यातच होत्या.

पिंटूनं वरची गोणी सोडली आणि हाताला आलं ते पुस्तक काड्यांखाली सरकवलं. मी आणि अक्का सतरंजीवरून बघत होतो. पिवळी, जाड पानं एकदम पेटली. मी धावत गेलो तोवर शिवण सुटून पानं जाळात पसरली होती. मुखपृष्ठ नसलेलं पुस्तक होतं ते. त्या गोणीत तसं एकच होतं.

कागदाची काळी राख वाऱ्यानं वर उचलली. एक तुकडा बराच वेळ शेतावर तरंगत राहिला. पुढं केळीच्या बागेकडे जाऊन तो दिसेनासा झाला.

अक्का उठल्या नाहीत. त्यांनी डब्याचं झाकण काढलं आणि परत लावलं.

पंगत बसली. पहिला घास घेतला आणि सगळे थांबले. नानांनी बोटानं भरीत चाखलं, पुन्हा चाखलं.

“पिंट्या, हाई काय टाकं रे तू यामा?”

“काहीच नही काका. काड्या वल्या शेतस. पेटतच नव्हत्यात, म्हनीसन एक पुस्तक लावं.”

“वांगाले बाइंडिंगना वास ई राह्यना!”

खरंच येत होता. जुनी शाई, खळ, कपाटातली डांबराची गोळी, सगळं त्या भरतात उतरलं होतं. तेवढ्या एका पुस्तकानं टोपलीभर वांगी वाया गेली. आमच्याकडे लग्नात भांडण झालं तर ते मिटतं, पण बिघडलेलं भरीत लोक वर्षानुवर्षं आठवतात. पंगतीत कुजबुज सुरू झाली. खजिनदार म्हणाले, “एक पुस्तक जळनं ते हाई हाल. पुरी गोणी जळनी ते काय व्हई?”

ते गमतीनंच म्हणाले असावेत. पण कुणी हसलं नाही. विज्ञानाच्या युगातली ती सगळी माणसं ट्रॉलीकडे बघत राहिली. नानाही.

मग अक्कांनी डबा उघडून पंगतीत फिरवला. खाकरा आणि लिंबाचं गोड लोणचं. बागायतदार, सरपंच, खजिनदार, सगळ्यांनी एकेक खाकरा घेऊन खाल्ला. कुरूमकुरूम असा आवाज तेवढा येत होता. नानांनी खाकरा संपवला, हात झटकले आणि मान खाली घालूनच म्हणाले, “ली जा अक्का तुम्हनं कपाट. पन आठे वाचनालयमा नको. पोरेसले जागा पाहिजे.”

त्याच ट्रॉलीतून कपाट नि गोण्या कापडाच्या दुकानात गेल्या. कापडाच्या ठाणांच्या मागे, साड्यांच्या घडवंचीशेजारी ते कपाट उभं राहिलं. वाचनालयात परीक्षेची पुस्तकं आली. ज्ञाना पुढं खरंच पोलिसात लागला, आज तो शहादा भागात आहे आणि त्याची मुलगी गोष्टी वाचते. दोन्ही पक्ष बरोबर होते. मला कुणाचीच हार दाखवता येत नाही, आणि म्हणूनच या प्रसंगाची चांगली गोष्ट होत नाही. पुस्तकं बचावली ती त्यांच्या गुणांमुळं नाही, माझ्या भाषणामुळं तर नाहीच. एका बिघडलेल्या भरताच्या वासानं ती बचावली. मी पुढं कपाटातली सगळी पुस्तकं त्या दुकानात बसून वाचली, गिऱ्हाइकांच्या भावाच्या घासाघिशीत. प्रकल्प लिहिला, एम.ए. झालो, नोकरीला लागलो. कुणी विचारलं तर ती सगळी शिडी त्या ठाणांमागून सुरू होते.

जळालेल्या पुस्तकाचा शेवट मी अक्कांना अनेकदा विचारला. त्यांनी ते वाचलेलं होतं. प्रत्येक वेळी त्या म्हणाल्या, “आठवत नही रे.” त्यांना इतर पुस्तकांच्या ओळीच्या ओळी आठवायच्या. मी जळगावला, धुळ्याला, नंतर पुण्यालाही जुन्या पुस्तकांच्या दुकानांत शोध घेतला. नाव नाही, लेखक नाही, फक्त तरंगणारा माणूस. दुकानदार विचारायचे, पुढं काय होतं त्यात? मी म्हणायचो, तेच शोधतोय.

माझ्या वर्गातली मुलं मोबाइलवर बघतात त्या गोष्टींतली माणसंही उडतात. ती मनात येईल तेव्हा उतरतात. मी एकदा विचारलं, अट काय असते? मुलं म्हणाली, काही नसते सर. मी पुढं शिकवायला लागलो.

गेल्या आठवड्यात अक्कांचा फोन आला. दुकान विकलं जातंय आणि त्या मुलाकडे सुरतेला चालल्यात. सुरतेच्या फ्लॅटमध्ये कपाटाला जागा नाही. “तू लई जास का? नही ते आते खरंच रद्दी शे,” त्या म्हणाल्या. मी हो म्हणालो. त्यांना ऐकू आलं नाही. मी पुन्हा मोठ्यानं हो म्हणालो. “काय म्हनस?” त्यांनी विचारलं आणि फोन कुणीतरी बंद केला. त्यांच्या कानांचं आता असं झालंय. डोळे मात्र चांगले आहेत. म्हणून त्या रात्री मी पत्र लिहिलं आणि सकाळी टाकलं. ते असं.

*

ती. विमलअक्कांना साष्टांग नमस्कार.

फोनवर मी हो म्हणत होतो. कपाट मी नेतो. आमच्या दोन खोल्यांत ते कुठं बसणार, असं घरात विचारणं झालं. मग आम्ही पलंग हलवला. आता खिडकीजवळ जागा आहे, भिंतीला ओल नाही. डांबराच्या गोळ्या आणून ठेवल्या आहेत.

हलक्या माणसाचा शेवट शोधणं मी आता सोडलं आहे. तुम्हाला तो आठवत होता, असं मला वाटतं. का सांगितला नाहीत, हे विचारत नाही. माझा शेवट सांगतो, बरोबर की चूक ते तुम्ही ठरवा. त्या अनोळखी गावच्या बाजारात एक कापडाचं दुकान होतं. सगळे वर बघून हात जोडत होते. दुकानातली बाई तेवढी ठाण मोजत होती. तिनं चष्मा कपाळावर सरकवला, वर बघितलं आणि त्याला घरच्या नावानं हाक मारली. तिला ते नाव कसं माहीत, हे पुस्तकात लिहिलेलं नव्हतं. त्याच्या आईच्या तोंडून कधीतरी दुकानात ऐकलं असेल.

मला इथं सगळे सर म्हणतात. आबाही लोकांसमोर ‘आमना सर’ म्हणतात, आणि आई तर घरातसुद्धा. तुम्ही सुरतेला गेल्यावर त्या गावात मला भुऱ्या म्हणणारं कुणी उरत नाही.

म्हणून कपाट नेतो, पण अट आहे. रविवारी सकाळी मी टेम्पो घेऊन येतो. तुम्ही आत आवरत बसू नका, दुकानाच्या ओट्यावर येऊन बसा. मी पेठेच्या टोकाला दिसलो की हाक मारा. मोठ्यानं मारा. टेम्पोचा आवाज फार असतो.

तुमचा,
भुऱ्या